नावात ‘नाग’ आहे म्हणून नाव टाकायचं?

पत्र: ताई, आमच्या मुलीचं बारसं पुढच्या महिन्यात आहे. अनुराधा नक्षत्राचं पहिलं चरण, म्हणून ‘ना’ अक्षर आलं. मी आणि नवरा दोघंही सह्याद्रीत भटकणारे. नाणेघाटातली गुहा पाहिली तेव्हापासून ‘नागनिका’ हे तिथल्या सातवाहन राणीचं नाव डोक्यात आहे, आणि ‘ना’ आल्यावर तर ठरलंच असं वाटलं. पण सासूबाई म्हणतात, पोरीच्या नावात नाग कशाला? गुरुजींनी त्यावर मनुस्मृतीतला श्लोक ऐकवला. चुलत सासूबाईंनी शोध लावला की ती राणी विधवा होती. नणंदेला ‘नायरा’ हवंय, आणि नाव ठेवायचा मान आत्याचा. नेटवर बघितलं तर कुठे ‘सुंदर डोळ्यांची’ लिहिलंय, कुठे ‘नागकन्या’. नवरा म्हणतो, आईला डोळ्यांचा अर्थ सांगू आणि मोकळे होऊ. नावाचा खरा अर्थ काय? आणि मी हट्ट धरावा का?
– एक वाचक, नाशिक

उत्तर:

नाव ठेवा. नवऱ्याची युक्ती मात्र ठेवू नका.

डोळ्यांची गोष्ट आधी निकालात काढते, कारण तुमच्या घरात सगळ्यात जास्त घोटाळा ती करणार आहे. ‘नयन’वरून होतं ते ‘नयनिका’, पहिलं अक्षर ऱ्हस्व. ते वेगळं नाव आहे, चांगलं आहे, हवं त्याने ठेवावं. नाणेघाटातल्या राणीशी त्याचा संबंध नाही. मग गोंधळ कुठून झाला? तर गुहेत राणीच्या प्रतिमेवर जी ओळ कोरली आहे ती अशी: ‘देवि नायनिकाय रञो च सिरि सातकनिनो’. म्हणजे देवी नायनिका आणि राजा श्रीसातकर्णी यांची प्रतिमा. तिथे ‘ग’ नाही, ‘य’ आहे. कुणीतरी ‘नायनिका’ वाचलं, त्याला ‘नयन’ आठवलं, आणि नावांच्या याद्यांमध्ये राणीला सुंदर डोळे मिळाले.

हा ‘य’ आला कसा, हे तुम्हाला नाशिककर म्हणून चटकन कळेल. लेख प्राकृतात आहे, आणि प्राकृतात दोन स्वरांच्या मध्ये सापडलेला ‘ग’ किंवा ‘ज’ झिजून ‘य’ होतो. राजाचा राया झाला तो असाच. नगराचं आधी नयर झालं आणि मग नुसतं नेर उरलं: संगमनेर, पारनेर, अंमळनेर. नाणेघाट चढून आलं की पहिलं मोठं गाव लागतं ते जुन्नर, त्याचंही मूळ ‘जुनं नगर’ असंच सांगतात. नागाचा नाय झाला तो याच वाटेने. राणीचं नाव चांदीच्या नाण्यावरही आहे, राजा सातकर्णीच्या नावासोबत, आणि तिथे ते ‘ग’सकट नागनिका असं वाचलं जातं. म्हणजे नावात नाग आहे. सासूबाईंचा कान बरोबर आहे आणि नेट चूक आहे.

पुढचं ‘निका’ म्हणजे त्या काळी बाईच्या नावाला लागणारं शेपूट. कान्हेरीच्या एका लेखात नागमुलनिका नावाची दान देणारी बाई भेटते. ती एका महारठीची, म्हणजे मोठ्या सरदाराची, बायको, आणि तिच्या मुलाच्या नावातही नाग आहे: खंदनागसातक. तेव्हा नाग हा नावात घालायचा सर्रास शब्द होता, आपल्याकडे राम किंवा लक्ष्मी असतो तसा. काहीजण एवढ्यावरून राणीला नागवंशातली ठरवतात. नुसत्या नावावरून इतकी उडी मारायला मी धजणार नाही. आपल्या ओळखीतले सगळे नागेशराव काही नागवंशी नसतात. शिवाय ‘नाग’ म्हणजे संस्कृतात हत्तीसुद्धा. नाणेघाटातल्या मोठ्या लेखात राणीला ‘नागवरदायिनी’ असं एक विशेषण आहे. त्यातला नाग सरपटणारा की सोंडेचा, हे कुणी छातीठोकपणे सांगू नये. कोशातला अर्थ विचाराल तर मी एवढाच सांगेन: नागावरून ठेवलेलं, जुन्या महाराष्ट्रातल्या मोठ्या घरच्या लेकीचं नाव.

पण नाव ठेवताना आपण कोशातला अर्थ थोडाच ठेवतो? कुणाची तरी आठवण ठेवतो. तेव्हा ही बाई कोण होती ते घरच्यांना नीट सांगा. तुम्ही गुहा पाहिली आहे, त्यांनी नाही.

इसवी सनापूर्वीचं पहिलं शतक धरा. काही अभ्यासक तिला आणखी मागे नेतात. कल्याण-सोपाऱ्याच्या बंदरांत उतरलेला माल बैलांच्या पाठीवर घालून व्यापारी या घाटाने चढायचे आणि जुन्नरवरून पुढे पैठणकडे जायचे. घाटाच्या तोंडाशी आजही दगडी रांजण आहे, जकातीची नाणी त्यात टाकत असं म्हणतात. म्हणजे तेव्हाची सगळ्यात वर्दळीची जागा. तिथेच सातवाहनांनी ही खोली कोरवली आणि तिच्या भिंतींवर आपला हिशेब लिहून ठेवला.

मागच्या भिंतीवर ओळीने घराण्याच्या प्रतिमा होत्या. पहिला सिमुक सातवाहन, घराण्याचा मूळपुरुष. त्याच्या शेजारी आपली नागनिका आणि सातकर्णी, मग राजकुमार. मधे एक महारठी त्रणकयिर नावाचा माणूस आहे, तो बहुतेक तिचा बाप. सासरच्या दिवाणखान्यात माहेरच्या माणसाचा फोटो लावून घेणारी बाई! आज त्या प्रतिमा उरलेल्या नाहीत, पावलांच्या खुणा तेवढ्या दिसतात. डोक्यावरची नावं मात्र आहेत. आणि वर दिलेली ती ओळ पुन्हा एकदा वाचा. जोडप्याच्या पाटीवर आधी बायकोचं नाव आहे, मग राजाचं. आपल्याकडच्या लग्नपत्रिका अजून तिथवर पोचल्या नाहीत.

दोन्ही बाजूंच्या भिंतींवरचा लेख लांबलचक आहे. 1828 साली विल्यम साइक्स या इंग्रज अधिकाऱ्याने त्याची दखल घेतली. पुढे भगवानलाल इंद्रजी, बूह्लर, आपले वा. वि. मिराशी अशा माणसांनी तो वाचायला डोळे शिणवले, कारण मधला बराच भाग झिजलेला आहे. सुरुवात देवांच्या नमस्काराने: धर्माला नमस्कार, इंद्राला नमस्कार, संकर्षण-वासुदेवांना, चंद्र-सूर्यांना, यम-वरुण-कुबेर-वासव या चार लोकपालांना. मग यज्ञांची यादी: अश्वमेध, राजसूय आणि कितीतरी. आणि प्रत्येक यज्ञापुढे दक्षिणा किती दिली त्याचा आकडा. एका ठिकाणी 1700 गाई आणि 10 हत्ती. लिपी आणि आकड्यांचा अभ्यास करणारे आजही या भिंतीपुढे उभे राहतात ते त्या ब्राह्मी आकड्यांसाठी. मला मात्र त्यात घर चालवलेली बाई दिसते. दिलेल्या पै-पैची नोंद, तीही कुणाला खोडता येणार नाही अशा जागी.

याच लेखात तिचं वर्णन येतं: महारठीची लेक, सातकर्णीची पत्नी, वेदिश्री आणि शक्तिश्री यांची आई. महिना-महिना उपास करणारी, घरात राहून तापसीसारखी जगणारी, ब्रह्मचर्य पाळणारी, दीक्षा-व्रत-यज्ञ जाणणारी. नवरा गेल्यावर मुलगा लहान असताना तिने राज्याचा गाडा ओढला, असा अर्थ यातून बहुतेक अभ्यासक काढतात. मोठ्या लेखातला तिच्या नावाचा भाग झिजला आहे. नाव सलामत राहिलं ते त्या प्रतिमेवरच्या पाटीमुळे.

आता चुलत सासूबाईंचा मुद्दा. विधवा होती, हे बहुधा खरं आहे. पण मग जिजाऊसाहेब 1664 साली विधवा झाल्या. अहिल्याबाई 1754 साली, तिशीही आली नव्हती. ताराबाईंनी 1700 साली नवरा गेल्यावर औरंगजेबाशी झुंज घेतली. तुमच्या नात्यात एखादी अहिल्या, एखादी तारा नक्की असेल. तिच्या बारशाला कुणी हा विचार केला होता का? नवरा हयात असताना अहिल्याबाई-ताराबाई काय करत होत्या ते आपल्याला फारसं ठाऊक नसतं; तो गेल्यावर त्यांनी जे केलं त्यासाठी आपण त्यांची नावं ठेवतो. चुलत सासूबाईंना हे तोंडावर ऐकवू नका. त्यांच्याच तोंडून अहिल्याबाईंच्या घाटांचं आणि धर्मशाळांचं कौतुक काढा, आणि तिथे थांबा. काही मुद्दे माणसाला स्वतःचे स्वतः पटू द्यावे लागतात.

गुरुजींकडे वळते. ते म्हणताहेत तो श्लोक मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात आहे, ‘नर्क्षवृक्षनदीनाम्नीं’ असा सुरू होणारा. गुरुजींनी तुम्हाला सापापुरता सांगितला, तो पूर्ण ऐका. कोणत्या नावाची मुलगी बायको करू नये याची ती यादी आहे: नक्षत्राचं नाव नको, झाडाचं नको, नदीचं नको, पर्वताचं नको, पक्ष्याचं नको, सापाचं नको, दासीसारखं नको, भीती वाटेल असं नको. आता घरातल्या बायकांची नावं एकेक करून या चाळणीतून घाला. रोहिणी, रेवती, अनुराधा गेल्या नक्षत्रात. गंगा, गोदावरी, कृष्णा, यमुना, नर्मदा गेल्या नद्यांत. तुळसाबाई गेल्या झाडात, मैनाबाई गेल्या पक्ष्यांत. नाशकात राहून गोदावरी नाव अशुभ म्हणायची छाती कुणाची आहे? महाराष्ट्राने हा श्लोक कधीच मनावर घेतला नाही, आणि चांगलं केलं. शिवाय तो श्लोक बारशाचा नाहीच, सोयरीक जमवण्याचा आहे. बारशाचा दुसऱ्या अध्यायात आहे: बाईचं नाव सुखाने उच्चारता यावं, क्रूर नसावं, अर्थ स्पष्ट असावा, मंगल असावं, शेवटी दीर्घ स्वर असावा. नागनिका म्हणून बघा, जीभ कुठे अडखळते का?

एक बारीक खोड गुरुजींना सापडू शकते, तेव्हा आधीच सांगून ठेवते. पारस्कर गृह्यसूत्र, म्हणजे घरातल्या संस्कारांचा जुना ग्रंथ, म्हणतं, मुलीच्या नावात अक्षरं विषम असावीत. नागनिकात चार आहेत. नायरात तीन. हे नणंदबाईंच्या कानावर घालायची काहीच गरज नाही.

सासूबाईंशी मात्र श्लोकांची भाषा नको, त्यांना श्लोकाने उत्तर देणं म्हणजे अपमानच. त्यांना नागपंचमी विचारा. आदल्या दिवशीचा भावाचा उपास, पाटावर हळद-गंधाने काढलेला नाग, लाह्या आणि दूध. त्या दिवशी विळीवर काही चिरायचं नाही, चुलीवर तवा ठेवायचा नाही, म्हणून मग पुरणाची दिंडं उकडायची. नाग हा बाईचा भाऊ, असं मानून सगळं चाललेलं असतं. सासूबाईंनी हे जन्मभर केलं असणार. ज्याला भाऊ म्हणून ओवाळलं त्याचं नाव नातीला लागलं तर काय बिघडलं? औंढ्याला नागनाथ आहे, गोव्यात नागेशी आहे, मुलगा झाला असता तर ‘नागेश’ ऐकून त्यांनीच कौतुकाने मान डोलावली असती. जुन्या घरांत नागूबाई असायच्याच. भीती खरी सापाची नसते. ‘लोक काय म्हणतील’ याची असते, आणि ती अगदीच खोटीही नाही. त्याकडे येतेच.

तुमच्या नवऱ्याची थाप मी का नाकारली ते आत्ता सांगते. समजा आईला सांगितलं, सुंदर डोळ्यांची. त्या हौसेने सगळ्या गल्लीला सांगणार. मग पोरगी सातवी-आठवीत इतिहासाच्या पुस्तकापाशी येणार, कुणीतरी तिला नाणेघाट सांगणार, आणि ती आजीपुढे जाऊन उभी राहणार. आजी खोटी पडणार, तेही स्वतःच्या मुलामुळे. शिवाय ज्या गुहेसाठी हे नाव सुचलं ती गुहाच गोष्टीतून वगळायची, मग नाव ठेवायचं तरी कशाला?

आता जपायच्या गोष्टी. शाळेत मुलं ‘नागीण’ म्हणणार. हे होणार नाही असं मी सांगणार नाही. मुलं प्रत्येक नावाचं काहीतरी करतातच, पण इथे त्यांना फार कष्ट नाहीत. त्यावरचा इलाज एकच: नावाची गोष्ट तिला लहानपणीच, चार लोकांत सांगता येईल इतकी पाठ असू द्या. एकदा घेऊन जा तिला तिथे, पावसाळा सोडून. गुहा घाटाच्या माथ्याशीच आहे आणि जुन्नरच्या बाजूने तिथवर गाडी जाते, तेव्हा आजीलाही नेता येईल.

दुसरी गोष्ट जास्त नाजूक आहे आणि ती तुमच्या पत्रात कुणीच काढलेली नाही. पहिल्या ‘ना’चा काना सांभाळा. तो घसरला तर नाव ‘नगनिका’ आणि पुढे ‘नग्निका’च्या अंगाने जातं, आणि संस्कृतात नग्निका म्हणजे अजून वयात न आलेली मुलगी, शब्दशः उघडी. इंग्रजी अक्षरांत लिहिल्यावर हे हमखास घडतं, बँकेतला अमराठी कारकून काना ओळखायचा कसा? म्हणून इंग्रजीत ‘एन’नंतर दोन वेळा ‘ए’ लिहायचे, आणि जन्मदाखला, आधार, पासपोर्ट, शाळेचा दाखला सगळीकडे तेच स्पेलिंग ठेवायचं. एका कागदावर एक ‘ए’ आणि दुसऱ्यावर दोन, असं झालं की पुढची वीस वर्षं प्रतिज्ञापत्रं करत बसाल.

राहिल्या नणंदबाई. त्यांचा मान खरा आहे आणि तो काढून घेऊ नका. पाळण्यातल्या बाळाच्या कानात नाव सांगणारी तीच, पाठीवर धपाटे खाणारीही तीच. तुम्ही ठरवलेलं नाव तिला ऐन बारशाच्या सकाळी कळवलंत तर भांडण तुम्हीच ओढवून घेतलं असं मी म्हणेन. आधी फोन करा, एकट्या तिला. गोष्ट सांगा, पाटीचा फोटो दाखवा. आणि तिच्यापुढे एक खरीखुरी निवड ठेवा: नागनिका की नायनिका? दोन्ही त्याच राणीची नावं, एक नाण्यावरचं, एक भिंतीवरचं. तिला ‘नाय’ हवंच आहे, तर ते दोन हजार वर्षांपूर्वीच दगडावर कोरून ठेवलेलं आहे. तिने नायनिका निवडलं तर तुम्ही हरलात असं मानू नका. तेही अस्सल आहे, फक्त अर्थ खरा सांगा, कारण ते ऐकणारा प्रत्येक जण डोळ्यांकडेच जाणार. मला विचाराल तर माझं मत नागनिकालाच. एक तर मराठी वाचकाला राणी याच नावाने माहीत आहे. दुसरं म्हणजे बोलीत ‘नाय’ म्हणजे नाही, आणि जुन्या मराठीत ‘निका’ म्हणजे चांगला. ‘नाय निका’वर विनोद करणारा एखादा मराठीचा मास्तर तिच्या नशिबी येणारच.

नायरा नावावर माझा राग नाही. ऐकायला गोड आहे आणि घरात हाक मारायला आत्याने तेच वापरलं तरी चालेल. पाळण्यातलं नाव एक, हाकेचं एक, कागदावरचं एक, हे आपल्याकडे कधी नव्हतं?

आणि बारशाच्या तारखेने घायकुतीला येऊ नका. जन्माची नोंद 21 दिवसांत व्हायला हवी, ती बिननावाची झाली तरी चालते. रुग्णालयात जन्म झाला असेल तर बहुधा त्यांनी कळवलंही असेल, तेवढं तपासून घ्या. नाव त्या नोंदीत एक वर्षापर्यंत विनाशुल्क घालता येतं, त्यानंतर विलंब शुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत. म्हणजे घरातलं बोलणं दोन महिने लांबलं तरी महापालिकेचं काही अडत नाही. दाखला हातात पडला की खिडकीवरून हलायच्या आत ‘ना’चा काना आणि इंग्रजीतले दोन ‘ए’ तपासा. दुरुस्तीचा अर्ज नंतर करण्यापेक्षा कारकुनाला तिथल्या तिथे थांबवणं सोपं.